‘आरव’ शांत की गोंगाट? नावांचे अर्थ तपासायचे कसे

प्रश्न : ताई, नमस्कार. आम्हाला जुळं झालंय, मुलगा आणि मुलगी. मुलाचं नाव आरव आणि मुलीचं कियारा ठेवायचं जवळपास ठरलं होतं. एका संकेतस्थळावर आरवचा अर्थ ‘शांत, संयमी’ असा होता आणि कियाराचा ‘तेजस्वी’. माझ्या मावससासूबाई संस्कृत शिकलेल्या आहेत. त्यांनी ऐकलं आणि म्हणाल्या, “अगं, आरव म्हणजे गोंगाट!” नवऱ्याने दुसरीकडे शोधलं तर कियारा म्हणजे ‘काळी’ निघालं, आणि तिसरीकडे ते चक्क संस्कृत नाव असल्याचं लिहिलंय. आता रेयांश, विहान, मायरा अशी पर्यायी यादी समोर आहे, पण त्यांच्याही अर्थांवर विश्वास बसत नाही. खरा अर्थ शोधायचा कसा? आणि अर्थ चांगला नाही निघाला तर नाव सोडून द्यायचं का?
– दोघांची गोंधळलेली आई

उत्तर : तुमच्या मावससासूबाई चुकलेल्या नाहीत, शब्द तेवढा जरा कडक वापरलाय त्यांनी. आरवचा शांततेशी काहीही संबंध नाही. संस्कृतात ‘रु’ हा आवाज करणे या अर्थाचा धातू आहे. त्यापासून ‘रव’ झाला आणि आधी ‘आ’ हा उपसर्ग लागून ‘आरव’. हा शब्द इतका पक्का आहे की पाणिनीच्या अष्टाध्यायी या व्याकरणग्रंथात तिसऱ्या अध्यायात त्याच्याशी थेट संबंधित सूत्र सापडतं : ‘विभाषाऽऽङि रुप्लुवोः’. म्हणजे ‘आ’ उपसर्ग असताना ‘रु’ आणि ‘प्लु’ या धातूंपासून होणारी नामं दोन तऱ्हांनी होऊ शकतात, आरव किंवा आराव. मोनिएर विल्यम्सच्या १८९९च्या संस्कृत-इंग्रजी कोशात आरवपुढे आरोळी, आक्रोश, आवाज, गडगडाट असे अर्थ आहेत. खरं तर कोश उघडायचीही गरज नाही. मराठीत कोंबडा काय करतो? आरवतो. भल्या पहाटे आरवणाऱ्या कोंबड्याला शांत आणि संयमी म्हणणारं माणूस मला तरी अजून भेटलेलं नाही.

पण ‘गोंगाट’ एवढंच सांगून थांबणं हा त्या शब्दावर अन्याय होईल. अमरकोश या समानार्थी शब्दांच्या जुन्या संस्कृत कोशात ध्वनीसाठीचे पर्यायी शब्द सलग दिलेत : निनाद, ध्वनी, रव, स्वन, निर्घोष, नाद असे एकामागून एक येतात आणि त्यांच्या लगेच मागोमाग आरव आणि आराव. निनाद हे नाव लोक मुलाला कौतुकाने ठेवतात, त्याला कोणी गोंगाट म्हणत नाही. पुढे जाऊन सांगते, यास्काने निरुक्तात, म्हणजे वैदिक शब्दांच्या व्युत्पत्तीवरच्या त्याच्या प्राचीन ग्रंथात, रुद्र या नावाची फोड केलीय, तिथे पहिलीच व्युत्पत्ती ‘रौति’, म्हणजे गर्जना करतो, अशी आहे. हा तोच ‘रु’ धातू. तेव्हा तुमच्या मुलाच्या नावाचं गणगोत म्हणजे नाद, निनाद आणि रुद्र. त्यात लाज वाटण्यासारखं काय आहे? आणि तान्ह्या बाळाला हा अर्थ तूर्त तरी शोभतोच.

मग ‘शांत’ आलं कुठून? मला वाटतं ‘अरव’मधून. ‘अ’ हा नकार, म्हणून अरव म्हणजे जिथे आवाज नाही असं, निःशब्द. कोणीतरी रोमन लिपीत नाव वाचलं, पहिला स्वर ऱ्हस्व की दीर्घ हे त्या लिपीत नीट कळत नाही, आणि निःशब्दचं ‘शांत’ करून ते आरवला चिकटवलं. मग एका यादीतून दुसऱ्या यादीत, दुसऱ्यातून तिसऱ्यात. आज शंभर ठिकाणी तोच अर्थ दिसतो, म्हणून तो खरा वाटतो. शंभर जणांनी एकाचीच वही उतरवली असेल तर ते शंभर साक्षीदार होत नाहीत, हे आधी मनात पक्कं करा. किती ठिकाणी लिहिलंय हा पुरावाच नव्हे. कुठल्या एका ठिकाणी धातू, मूळ शब्द, जुना वापर दाखवलाय का, ते शोधायचं.

ऱ्हस्व-दीर्घ आणि श-स यांनी अर्थ कसा उलटतो, यावर एक जुनं सुभाषित आहे. बाप मुलाला सांगतो, बाबा रे, फार शिकला नाहीस तरी चालेल पण व्याकरण तेवढं शिक : ‘स्वजनः श्वजनो मा भूत् सकलं शकलं सकृच्छकृत्’. नाहीतर स्वजनाचा (आपल्या माणसाचा) श्वजन (कुत्रा) होईल, सकलचा (सगळ्याचा) शकल (तुकडा) होईल आणि सकृत्चं (एकदाचं) काय होईल ते मी इथे लिहीत नाही. म्हणून पहिलं काम हे : ज्या नावाचा अर्थ पाहायचा ते देवनागरीत, मात्रांसकट, एका कागदावर लिहा. रोमन स्पेलिंगवरून अर्थ शोधूच नका. त्या अर्थांच्या याद्यांमधली निम्मी गडबड तिथेच होते.

यानंतरचा प्रश्न अर्थाचा नाही, भाषेचा. हे नाव कुठल्या भाषेतलं? या याद्यांवर हातात सापडेल त्या नावाला ‘संस्कृत’ असा शिक्का मारायची पद्धत आहे. विहान घ्या. अर्थ ‘पहाट’ दिलेला असतो, आणि अर्थ चुकीचा नाहीच. पण हा हिंदी पट्ट्यातल्या बोलींतला, ‘बिहान’ म्हणजे सकाळ असा रोज वापरला जाणारा लोकांचा शब्द आहे. संस्कृत कोशात या अर्थाने शोधत बसाल तर हाती काही लागायचं नाही. अर्थ खरा, पत्ता चुकीचा. उलट मिहिर हे नाव संस्कृत कोशात व्यवस्थित आहे, सूर्य या अर्थाने. वराहमिहिराच्या नावात ते सहाव्या शतकापासून आहे. पण तो शब्द संस्कृतात आलाय इराणी भाषांमधून, मिथ्र देवाच्या नावावरून. म्हणजे ‘संस्कृत’ म्हटलं तरी खोटं नाही आणि ‘इराणी’ म्हटलं तरी खोटं नाही. दोन्ही सांगणारा माणूस भेटला तर त्याच्यावर विश्वास ठेवा.

आणि कधीकधी दोन्ही मुळं स्वतंत्रपणे खरी असतात. समीर पाहा. संस्कृतात समीर म्हणजे वारा. अरबीत समीर म्हणजे रात्री गप्पांना सोबत करणारा मित्र. दोन शब्द, दोन भाषा, एकमेकांशी नातं शून्य, उच्चार जवळपास एकच. इथे कुठला अर्थ ‘खरा’ हे कोश सांगू शकत नाही. आईवडिलांच्या मनात कुठला होता, त्यावर ते ठरतं.

तुमच्या कियाराचंही थोडंफार असंच आहे, म्हणून तुम्हा दोघांना दोन उलटे अर्थ सापडले. इटालियनमध्ये ‘क्यारा’ हे नाव आहे, लॅटिन ‘क्लारा’वरून, अर्थ स्वच्छ, उजळ, नामांकित. बाराव्या-तेराव्या शतकातल्या असिसीच्या संत क्लेअर यांचं इटालियन नाव हेच. आयरिश भाषेत एक वेगळंच नाव आहे, उच्चार साधारण ‘कीरा’, आणि ते आलंय ‘काळा, सावळा’ या अर्थाच्या शब्दावरून. काळ्याभोर केसांची मुलगी असा त्याचा भाव. इंग्रजीत या दोघांची स्पेलिंगं इतकी जवळ आली की याद्या करणाऱ्यांनी दोन्ही अर्थ एकाच नावापुढे ओतले. तुम्ही ‘कियारा’ असाच उच्चार करणार असाल, तर तुमचं नाव इटालियन कुळातलं, अर्थ उजळ. तुमचं संकेतस्थळ इथे बरोबर होतं, अर्थात योगायोगाने.

संस्कृतचा दावा मात्र सोडून द्या. असले दावे किती सहज करता येतात ते दाखवते. हिंदीत फुलांच्या वाफ्याला कियारी म्हणतात. झालं, ‘कियारा : फुलांचा ताटवा, मूळ भारतीय’. ऐकायला किती गोड! आणि संपूर्ण थाप. उच्चार जुळला म्हणजे व्युत्पत्ती जुळली असं होत नाही. एका शब्दापासून दुसरा कसा झाला, मधल्या पायऱ्या कुठल्या, हे दाखवता आलं पाहिजे.

आता मायरा. या नावाला ‘प्रिय’, ‘अद्भुत’, ‘मध’ काहीही अर्थ दिलेले दिसतील. मुळात ते कवीने रचलेलं नाव आहे. फुल्क ग्रेव्हिल नावाचा इंग्रज कवी होता (१५५४–१६२८), त्याने आपल्या प्रेमकवितांतल्या स्त्रीसाठी ते वापरलं. कशावरून घडवलं, याबद्दल अभ्यासकांचे फक्त तर्क आहेत. व्हेनेसाची गोष्ट तर आणखी मजेदार. अर्थ ‘फुलपाखरू’ असा सर्रास लिहितात. जोनाथन स्विफ्ट या इंग्रजी कवी-लेखकाने आपल्या मैत्रिणीच्या आडनावाचा पहिला तुकडा घेऊन, त्याला तिच्या एस्थर या नावाचं लाडकं रूप जोडून हे नाव केलं आणि अठराव्या शतकात कवितेत वापरलं. फुलपाखरांच्या एका प्रजातीगटाला व्हेनेसा म्हणायला लागले ते १८०७ साली, म्हणजे नंतर. फुलपाखरावरून मुलीचं नाव आलं नाही, मुलीच्या नावानंतर फुलपाखराचं आलं. अर्थाची तारीख विचारायची सवय लावली की अशा उलट्या गाड्या लगेच ओळखू येतात.

शोधायचं कुठे, हे विचारलंत. बरेच जुने कोश आता घरबसल्या पाहता येतात. जर्मनीतल्या कोलोन विद्यापीठाने मोनिएर विल्यम्स आणि वामन शिवराम आपट्यांचे संस्कृत कोश जालावर खुले ठेवलेत. शिकागो विद्यापीठाच्या डिजिटल साउथ एशिया लायब्ररीत मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश आहे, दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश आहे, आणि फारसी नावांसाठी स्टाइनगासचा १८९२चा कोशही आहे. कियान हे नाव तुमच्या यादीत नाही पण पुढेमागे येईलच, म्हणून सांगते : ‘देवाची कृपा’ वगैरे लिहिलेलं असतं, पण ते फारसी आहे आणि त्याचा संबंध ‘के’ म्हणजे राजा या शब्दाशी आहे. शाहनामा या फारसी महाकाव्यातल्या कयानी राजांचं ते कुळ.

कोशात शोधताना एक अडचण येते, त्यात बरेच जण अडकतात. संस्कृत कोशात शब्द मूळ रूपात असतो, आपण वापरतो ते प्रथमेचं रूप नसतं. विवस्वान शोधाल तर मिळणार नाही, विवस्वत् शोधा. हनुमान नाही, हनुमत्. ‘ता’ने संपणारी नावं फार फसवी. सविता हे नाव कित्येक मुलींना आहे, पण कोशात सवितृ पाहिलंत तर तो पुल्लिंगी शब्द निघतो, सूर्यदेव. शमिता तर दोन वाटांनी येते. ‘शमित’ म्हणजे शांत केलेला, त्याचं स्त्रीलिंगी शमिता. आणि ‘शमितृ’ म्हणजे यज्ञात पशूला मारणारा, त्याची प्रथमाही शमिताच. एका वाटेने गेलात तर शांत मुलगी, दुसऱ्या वाटेने खाटीक. मुलीच्या आईने पहिली वाट धरली असेल, तर कुणी कोश नाचवत आला म्हणून घाबरायचं कारण नाही.

‘हे विष्णूचं एक नाव आहे’ असा दावा दिसला तर तो तपासणं सगळ्यात सोपं. विष्णुसहस्रनाम महाभारताच्या अनुशासनपर्वात आहे, यादी ठरलेली आहे, त्यावर शंकराचार्यांच्या नावाने ओळखलं जाणारं भाष्य आहे आणि त्यात प्रत्येक नावाची फोड आहे. ते नाव सहस्रनामात आहे का, पाहून घ्या. सूर्य, चंद्र, पृथ्वी, कमळ यांची नावं असल्याचा दावा असेल तर अमरकोश पाहा. कुठेच नसेल तर दावा करणाऱ्याने कुठे वाचलं ते सांगावं. ते सांगायची जबाबदारी तुमची नाही.

रेयांश इथेच गळतो. ‘अंश’ अस्सल आहे. पण सूर्य किंवा विष्णू या अर्थाचा ‘रेय’ संस्कृत कोशांत सापडत नाही. बहुधा इंग्रजीतला ‘रे’ म्हणजे किरण आणि संस्कृत अंश यांचं ते लग्न लावलेलं आहे. जोडनावांचे दोन्ही तुकडे वेगळे करून एकेक तपासा. एक तुकडा ओळखीचा असला की दुसऱ्याकडे आपण पाहतच नाही, ही त्यातली मेख आहे.

आजकाल लोक चॅटबॉटला विचारतात. विचारा, हरकत नाही, पण ‘अर्थ काय’ असं नको. ‘मूळ शब्द कुठला, धातू कुठला, कुठल्या कोशात आहे’ असं विचारा आणि मग तो कोश स्वतः उघडा. तो आत्मविश्वासाने चुकू शकतो, आणि त्याने वाचलेल्यात याच याद्या असतात.

आता दुसरा प्रश्न : अर्थ बरा नाही निघाला तर नाव सोडायचं का? मी नाही म्हणते, आणि त्यामागे नुसती माया नाही, व्याकरणही आहे. जुन्या पंडितांनी शब्दाचे यौगिक आणि रूढ असे अर्थ वेगळे केले होते. यौगिक म्हणजे फोड करून निघणारा, रूढ म्हणजे लोक जो समजतात तो. पंकजची फोड केली तर ‘चिखलात जन्मलेला’. चिखलात कितीतरी गोष्टी जन्मतात, पण पंकज म्हटल्यावर कमळाखेरीज काही आठवतं का? अशा वेळी ‘योगाद् रूढिर्बलीयसी’, फोडीपेक्षा रूढी बलवान, असा न्यायच आहे. भीम म्हणजे भयंकर, कर्ण म्हणजे कान, कृष्ण म्हणजे काळा. कोणाला अडलंय? बाहेरही तेच. सिसिलियाचं मूळ लॅटिन ‘आंधळा’ या शब्दाशी जातं, क्लॉडियाचं ‘लंगडा’ या शब्दाशी, आणि हिब्रूत रेचेल म्हणजे मेंढी. ही नावं शतकानुशतकं सुखाने चालताहेत.

फक्त इथे एक फरक पाळायला हवा. रूढी म्हणजे पिढ्यांनी वापरून पक्का झालेला अर्थ. कुठल्याशा यादीने गेल्या काही वर्षांत चिकटवलेलं ‘शांत’ ही रूढी नव्हे. मराठी बोलणारा माणूस आजही आरवणं म्हणजे आवाज करणंच समजतो. म्हणून आरव ठेवा, खुशाल ठेवा, पण अर्थ सांगताना ‘नाद’ सांगा. मुलगा मोठा होऊन स्वतः कोश उघडेल तेव्हा त्याला आईने सांगितलेलंच तिथे मिळायला हवं.

रेयांशसारखं नाव आवडलंच असतं, तरी मी अडवलं नसतं. कोशात नसलेलं नाव ठेवणं हा गुन्हा नाही. माणसं नावं घडवत आलीच आहेत, वर दोन कवींची उदाहरणं दिलीच. ‘आम्ही दोघांनी मिळून केलं, ऐकायला छान वाटलं’ हा स्वच्छ आणि प्रामाणिक अर्थ आहे. त्याला खोटं संस्कृत कुलवृत्तान्त जोडायची गरज काय?

मावससासूबाईंना मात्र ‘तुमचं चुकलं’ असं म्हणू नका, कारण चुकलेलं नाही. त्यांना अमरकोशातला शब्दांचा तो श्लोक विचारा. संस्कृत शिकलेल्या माणसाला पाठ असण्याची दाट शक्यता आहे. ‘शब्दे निनादनिनद...’ असं सुरू करून त्या स्वतःच आरवपर्यंत पोहोचल्या की विषय मिटेल.

आणि एक किरकोळ पण महत्त्वाचं. दोघांच्या जन्मदाखल्यांवर नावं घालण्याआधी देवनागरी आणि रोमन अशी दोन्ही स्पेलिंगं एकदाच ठरवा आणि सगळीकडे तीच लिहा. आरवच्या रोमन स्पेलिंगमध्ये सुरुवातीला दोनदा ‘ए’ घ्या, म्हणजे कोणी त्याला अरव वाचणार नाही. कियारा ‘के’ने सुरू करा, ‘सी’ने लिहिलंत तर कोणी कीरा म्हणेल, कोणी सियारा, आणि काळी की उजळ हा प्रश्न पुन्हा तुमच्या दारात येईल.